पृथ्वीला टेप लावणारा ग्रंथपाल

अलेक्झांड्रियातल्या विद्वानांनी त्याला ‘बीटा’ असे टोपणनाव ठेवले होते. बीटा हे ग्रीक वर्णमालेतले दुसरे अक्षर. माणूस सगळ्या विषयांत हुशार, पण प्रत्येक विषयात दुसऱ्या क्रमांकाचा, असा त्यामागचा टोमणा. गणितात आर्किमिडीज त्याच्या पुढे होता, काव्यात आणखी कोणी, तत्त्वज्ञानात तर कितीतरी जण. त्याचे दुसरे टोपणनाव ‘पेंटॅथलॉस’, म्हणजे पाचही खेळांत उतरणारा खेळाडू. आजच्या स्पेशालिस्टांच्या जमान्यात अशा माणसाला लोक ‘नुसता जनरल फिजिशियन’ म्हणाले असते. पण पृथ्वीचा घेर मोजायला भूमिती, खगोल, भूगोल आणि सरकारी दप्तर या सगळ्यांची थोडीथोडी माहिती असलेला माणूसच लागत होता. तो माणूस म्हणजे इरॅटोस्थेनिस.

त्याचा जन्म इ.स.पू. २७६च्या सुमारास किरेनी या ग्रीक वसाहतीत झाला. हे ठिकाण आजच्या लिबियात येते. वडिलांचे नाव अग्लाओस. किरेनी त्या काळी ‘सिल्फियम’ नावाच्या वनस्पतीसाठी प्रसिद्ध होते. तिचा चीक खोकल्यापासून पोटदुखीपर्यंत अनेक तक्रारींवर दिला जाई आणि शहराच्या नाण्यांवरही तिचे चित्र असे. मागणी इतकी वाढली की काही शतकांत ती वनस्पतीच नाहीशी झाली. तरुण इरॅटोस्थेनिस शिक्षणासाठी अथेन्सला गेला आणि बरीच वर्षे तिथल्या तत्त्वज्ञांकडे शिकला. इ.स.पू. २४५च्या सुमारास इजिप्तचा राजा तिसरा टॉलेमी याने त्याला अलेक्झांड्रियाला बोलावून घेतले. तिथे राजपुत्राचा शिक्षक आणि जगातल्या सर्वात मोठ्या ग्रंथालयाचा प्रमुख अशी दोन्ही कामे त्याच्याकडे आली.

त्या शहराला मोजमापाचे वेडच होते. इरॅटोस्थेनिसच्या आधीच्या पिढीत तिथे हिरोफिलस नावाचा वैद्य होऊन गेला. मानवी शरीराचे विच्छेदन करून अभ्यास करणाऱ्या पहिल्या काही वैद्यांपैकी तो एक. जठराच्या पुढचा लहान आतड्याचा पहिला भाग त्याने बोटांच्या रुंदीने मोजला आणि बारा बोटे भरला म्हणून त्याला तेच नाव दिले. आज वैद्यकाचा प्रत्येक विद्यार्थी ‘ड्युओडेनम’ म्हणतो, तो त्याच बारा बोटांचा लॅटिन अवतार. हा भाग साधारण २५ सेंटिमीटर लांब असतो, म्हणजे हिरोफिलसचे मोजमाप फारसे चुकलेले नव्हते.

नाडीचे ठोके मोजण्याची त्याची खटपट तर आणखी विलक्षण. तेव्हा सेकंदाचा काटा नव्हता आणि तासही एकसारखा नव्हता. इजिप्तमध्ये दिवसाचे बारा आणि रात्रीचे बारा भाग करत. आपले २४ तास तिथूनच आले. पण सूर्योदय ते सूर्यास्त या काळाचेच बारा भाग केले, की उन्हाळ्यातला तास मोठा आणि हिवाळ्यातला लहान होतो. अलेक्झांड्रियात उन्हाळ्यातला सर्वात मोठा दिवस साधारण १४ तासांचा आणि हिवाळ्यातला सर्वात लहान १० तासांचा असतो. म्हणजे दिवसाचा एक ‘तास’ आपल्या हिशोबाने जूनमध्ये ७० मिनिटांचा आणि डिसेंबरमध्ये ५० मिनिटांचा. शेतकऱ्याचे किंवा पुजाऱ्याचे त्यावर भागते, वैद्याचे भागत नाही. म्हणून हिरोफिलस रुग्णाकडे जाताना एक छोटे जलघड्याळ घेऊन जाई. भांड्यातले पाणी संपेपर्यंत किती ठोके पडतात ते मोजायचे आणि त्या वयाला साजेशा ठोक्यांशी ताडून पाहायचे. जास्त भरले तर ताप. वयानुसार नाडीचा वेग बदलतो हेही त्याने हिशोबात धरले होते. आपल्याकडच्या घटिकापात्रात पाणी आत शिरते आणि ग्रीक जलघड्याळातून ते बाहेर वाहते, एवढाच फरक.

वेळेसाठी पाणी आणि सावली वापरत, तशी लांबीसाठी माणसाचे शरीर. बोट, मूठ, वीत, हात, पाऊल ही मापे बहुतेक सर्व प्राचीन संस्कृतींत सापडतात. अडचण उघड आहे. हात कोणाचा? इजिप्तने ती अडचण राज्यसत्तेच्या जोरावर सोडवली. त्यांचा ‘राजहात’ सात तळव्यांचा, म्हणजे २८ बोटांचा, आणि लांबी सुमारे ५२.५ सेंटिमीटर. तुतानखामेनचा खजिनदार माया याची अशी मोजपट्टी आजही पॅरिसच्या लूव्हर संग्रहालयात आहे. हे सगळे काटेकोरपण कशासाठी? मुख्यतः करासाठी. नाईलचा पूर दरवर्षी शेतांचे बांध पुसून टाकी. पाणी ओसरले की दोरी घेऊन मोजणीदार शेतात उतरत आणि कोणाची किती जमीन उरली त्यावर सारा ठरे. पूर किती आला हे मोजण्यासाठी नदीकाठी दगडी पायऱ्यांवर हातांच्या खुणा कोरलेल्या असत. दक्षिणेला एलिफंटिनी बेटावर अशी एक प्रसिद्ध पायरीमापी होती. त्याच बेटासमोर सायीन हे गाव होते. आजचे नाव आस्वान.

सायीनची एक गोष्ट सर्वांना ठाऊक होती. उन्हाळ्यातल्या सर्वात मोठ्या दिवशी, भर दुपारी, तिथे काठीची सावली पडत नसे आणि खोल विहिरीच्या तळापर्यंत ऊन पोचे. गावकऱ्यांना त्यात नवल वाटत असेल, प्रवाशांना गंमत. इरॅटोस्थेनिसने तिच्याकडे मोजमापाचे एक टोक म्हणून पाहिले. त्याच दिवशी, त्याच दुपारी, उत्तरेला अलेक्झांड्रियात मात्र सावली पडते. किती? त्याने वापरलेले साधन अगदी साधे होते, अर्धगोल वाडगा आणि मधोमध उभी सळई. सळईची सावली वाडग्याच्या आतल्या गोलाईवर पडते, म्हणून ती वर्तुळाचा कितवा भाग व्यापते हे थेट वाचता येते. ती पूर्ण वर्तुळाच्या पन्नासाव्या भागाइतकी भरली.

पुढचा तर्क शाळकरी भूमितीचा आहे. सूर्य इतका दूर आहे की त्याचे किरण दोन्ही गावांत समांतरच येतात. त्यामुळे अलेक्झांड्रियातला सावलीचा कोन आणि पृथ्वीच्या केंद्राशी या दोन गावांनी केलेला कोन एकच. तो पन्नासावा भाग असेल, तर दोन गावांमधले अंतर हे पृथ्वीच्या घेराचा पन्नासावा भाग. अंतर ५,००० स्टेडिया. गुणिले ५०. उत्तर २,५०,००० स्टेडिया.

यात एक खुबी अशी की घड्याळ लागतच नाही. दोन गावांत एकाच क्षणी सावली मोजायची तर त्या काळी ते अशक्य होते, कारण निरोप्याला एका गावाहून दुसऱ्या गावी पोचायलाच कित्येक दिवस लागत. पण सावली सर्वात आखूड होते तो क्षण म्हणजे त्या गावाची दुपार. प्रत्येक गाव आपली दुपार आपणच ओळखते. दोन्ही गावे एकमेकांच्या सरळ उत्तर-दक्षिण असली की झाले. दिवस कोणता, हे पंचांग सांगते. तासाचे माप बेभरवशाचे असलेल्या जगात त्याने तासाला वगळूनच काम केले. सायीनला स्वतः जाण्याचीही गरज नव्हती, तिकडची माहिती घरबसल्या मिळत होती. ५,००० स्टेडियांचा आकडा राजाच्या मोजणीदारांकडून आला, असे एका उत्तरकालीन लॅटिन लेखकाने लिहून ठेवले आहे. म्हणजे हे यश एकट्या बुद्धिमंताचे नाही. उन्हातान्हात दोरी ओढणाऱ्या आणि पावले मोजणाऱ्या असंख्य निनावी माणसांचे कष्ट त्या एका गुणाकारात आहेत.

मग उत्तर कितपत बरोबर होते? येथे लोकप्रिय पुस्तके फार घाई करतात. स्टेडियन म्हणजे ६०० पावले, म्हणजे पाऊल हे माप सहाशे वेळा. धावण्याच्या शर्यतीची ती लांबी, आपला ‘स्टेडियम’ हा शब्द त्यातूनच आला. पण पाऊल गावोगाव वेगळे. ऑलिंपियाची धावपट्टी १९२ मीटर भरते, डेल्फीची सुमारे १७७. नेहमी धरला जाणारा स्टेडियन १८५ मीटरचा. इरॅटोस्थेनिसच्या नावावर २,५०,००० इतकाच २,५२,००० हा आकडाही नोंदला गेला आहे. साठाने नीट भाग जावा म्हणून ही दुरुस्ती झाली असावी. १८५ मीटरने हा घेर ४६,६२० किलोमीटर येतो. ध्रुवांवरून जाणारा पृथ्वीचा खरा घेर ४०,००८ किलोमीटर. म्हणजे चूक १६ टक्क्यांहून थोडी जास्त. दुसरीकडे रोमन लेखक प्लिनीची एक नोंद आणि इजिप्तचा राजहात यांची सांगड घालून काही अभ्यासकांनी १५७.५ मीटरचा स्टेडियन काढला. त्याने गुणले की ३९,६९० किलोमीटर. चूक एका टक्क्याच्याही आत! इरॅटोस्थेनिसचे उत्तर अगदी अचूक होते असे वाचनात येते, ते या दुसऱ्या स्टेडियनच्या जोरावर.

उत्तर माहीत असताना त्याला जुळणारे एकक निवडणे, हे रिपोर्ट हातात आल्यावर नॉर्मल रेंज ठरवण्यासारखे आहे. आकडा एककाशिवाय अर्धवट असतो. रक्तातली साखर १०० असे आपल्याकडची प्रयोगशाळा लिहिते आणि तेवढीच साखर लंडनची प्रयोगशाळा ५.६ लिहिते. परदेशी राहणाऱ्या मुलाचा रिपोर्ट पाहून घाबरलेले आईवडील डॉक्टरांना नवे नाहीत. औषधात मिलिग्रॅमच्या जागी मायक्रोग्रॅम वाचले तर हजारपटीचा फरक पडतो, आणि तिथे आईवडिलांच्या घाबरण्यावर भागत नाही.

त्याच्या मोजमापातल्या इतर उणिवाही मोजता येतात. आस्वान अलेक्झांड्रियाच्या सरळ दक्षिणेला नाही, सुमारे तीन अंश पूर्वेला आहे. तिथली दुपार बारा मिनिटे आधी होते. ते नेमके कर्कवृत्तावरही नव्हते, थोडे उत्तरेला होते. ५,००० हा आकडा उघडच पूर्णांकात आणलेला. पन्नासावा भाग म्हणजे ७ अंश १२ मिनिटे, आणि दोन्ही गावांच्या अक्षांशांतला खरा फरक ७ अंश ७ मिनिटांच्या आसपास. म्हणजे कोन जवळजवळ बिनचूक होता. कच्ची बाजू होती ती जमिनीवरच्या अंतराची. पद्धत मात्र निर्दोष होती आणि ती पुढे कोणीही सुधारून वापरू शकत होते. वैद्यकातही एखादा जुना शोध टिकतो तो बहुधा आकड्यामुळे नव्हे, पद्धतीमुळे. हिरोफिलसचे ठोक्यांचे आकडे आज कोणी वापरत नाही, पण नाडी घड्याळ लावूनच मोजतात.

एककाचा घोळ पुढेही सुटला नाही. नंतरच्या पोसिडोनियस आणि टॉलेमी या विद्वानांच्या नावावर १,८०,००० स्टेडियांचा लहान घेर प्रचलित झाला. (हा टॉलेमी खगोलशास्त्रज्ञ, राजांपैकी नव्हे.) नवव्या शतकात अल्-फरगानीने एका अंशाचे अंतर ५६ आणि दोन-तृतीयांश मैल दिले. ते अरबी मैल होते. पंधराव्या शतकात कोलंबसने ते इटालियन मैल समजून वाचले आणि पृथ्वी त्याच्यासाठी एकदम पाऊणपट झाली. आशिया हाकेच्या अंतरावर आहे या समजुतीने तो १४९२ मध्ये निघाला. मधे अमेरिका आडवी आली नसती, तर अन्नपाणी संपून तो आणि त्याचे खलाशी समुद्रातच मेले असते.

घेर मोजल्यावर इरॅटोस्थेनिसने ज्ञात जगाचा नकाशा हाती घेतला. ‘भूगोल’ या विषयाला ग्रीक नाव देऊन त्यावर त्याने तीन भागांचा ग्रंथ लिहिला. त्यात भारतही आहे. चंद्रगुप्त मौर्याच्या काळात आलेल्या मेगॅस्थेनिसचा वृत्तांत ग्रंथालयात होता. मौर्यांच्या रस्त्यांवर दर दहा स्टेडियांना अंतर आणि फाटे दाखवणारे खांब होते, असे त्या वृत्तांतात नोंदले आहे. त्यावरून पाटलिपुत्रापर्यंतचा राजमार्ग १०,००० स्टेडियांचा आहे हे इरॅटोस्थेनिसने घेतले. येथे त्याचा सर्वात चांगला गुण दिसतो. पाटलिपुत्रापर्यंतचे अंतर दोरीने मोजलेले आहे आणि त्यापुढचे, गंगेच्या मुखापर्यंतचे, नाविकांच्या सांगण्यावरून केलेला अंदाज आहे, असा फरक त्याने स्पष्ट ठेवला. मोजलेले आणि ऐकलेले वेगळे लिहिणे ही सवय आजच्या केसपेपरवरही दुर्मीळ होत चालली आहे. तरी पूर्व-पश्चिम अंतरांत तो खूप चुकला, आणि ते टळण्यासारखे नव्हते. उत्तर-दक्षिण अंतर सावली सांगते. पूर्व-पश्चिम अंतरासाठी दोन गावांच्या वेळांतला फरक लागतो आणि त्यासाठी बरोबर नेता येईल असे खात्रीचे घड्याळ हवे. ते यायला अठरावे शतक उजाडावे लागले. पुढच्या शतकात हिपार्कसने यासाठी चंद्रग्रहणाचा उपाय सुचवला आणि इरॅटोस्थेनिसच्या नकाशावर टीकाही भरपूर केली.

भूतकाळालाही त्याने पट्टी लावली. ग्रीसमध्ये प्रत्येक शहराचे पंचांग वेगळे, वर्ष कोणत्या अधिकाऱ्याच्या नावाने ओळखायचे तेही वेगळे. सर्वांना मान्य असा धागा एकच, ऑलिंपिकच्या विजेत्यांची यादी. दर चार वर्षांनी एक. इ.स.पू. ७७६ पासूनच्या त्या यादीवर त्याने घटना ओवल्या आणि त्याआधीच्या काळासाठी स्पार्टाच्या राजांच्या पिढ्या मोजत ट्रॉयच्या पाडावाचे वर्ष इ.स.पू. ११८४ ठरवले. पिढ्या मोजून काढलेल्या वर्षावर फार विश्वास ठेवू नये, पण पद्धत सर्वांना तपासता येईल अशी होती. तो अलेक्झांड्रियात असतानाच, इ.स.पू. २३८ मध्ये, तिसऱ्या टॉलेमीच्या राजवटीत ३६५ दिवसांच्या इजिप्शियन वर्षात दर चौथ्या वर्षी एक दिवस वाढवण्याचा ठराव झाला. तो कोणी पाळला नाही. लीप वर्ष रुजवायला पुढे ज्युलियस सीझर यावा लागला.

गणितात अविभाज्य संख्या चाळून काढण्याची त्याची ‘चाळणी’ शाळेत अजून शिकवतात. डेलॉस बेटावरच्या साथीची गोष्टही त्यानेच लिहून ठेवली. साथ थांबवायची तर वेदी दुप्पट करा, असा देवाचा कौल आला आणि कारागीर गोंधळले, कारण बाजू दुप्पट केली की घनफळ आठपट होते. त्या कोड्यासाठी त्याने सरकत्या चौकटींचे एक उपकरण बनवले आणि त्याची ब्राँझची प्रतिकृती राजाला अर्पण केली. रोगाची साथ त्याने थांबली नसती, पण यंत्रांचा आकार प्रमाणात वाढवण्यासाठी ते उपयोगी होते. आर्किमिडीजने आपल्या शोधांमागची विचारपद्धती उलगडून सांगणारा ग्रंथ लिहिला तो इरॅटोस्थेनिसलाच उद्देशून. दुसऱ्या क्रमांकाच्या माणसाला पहिल्या क्रमांकाच्या माणसाने दिलेला हा मान टोपणनाव ठेवणाऱ्यांच्या लक्षात आला नसावा.

म्हातारपणी त्याची नजर गेली. मध्ययुगीन बायझंटाइन कोशातल्या नोंदीनुसार, दिसेनासे झाल्यावर त्याने अन्न सोडले आणि वयाच्या ऐंशीव्या वर्षी प्राण सोडला. तो सूर्याकडे पाहून आंधळा झाला, अशी कथा पुढे कोणी रंगवून सांगितली तर तिला आधार नाही. त्याची सारी पद्धत सूर्याकडे पाठ करून सावली पाहण्याची होती. ऐंशीच्या घरातल्या माणसाची नजर जाण्याची नेहमीची कारणे म्हणजे मोतीबिंदू, काचबिंदू, पडद्याची झीज. वाचन हेच ज्याचे आयुष्य, त्याची नजर गेली की जेवण कमी होते, बोलणे कमी होते, आणि घरचे त्याला वयाचा परिणाम समजतात. पुष्कळदा ते नैराश्य असते आणि त्यावर उपचार असतात. मोतीबिंदू असेल तर जिल्हा रुग्णालयात अर्ध्या तासाच्या आत होणारी शस्त्रक्रिया पुरते. इ.स.पू. १९४च्या सुमारास अलेक्झांड्रियात ती सोय नव्हती.

त्याच्या मृत्यूवर एका ग्रीक कवीने रचलेले मृत्युलेख-काव्य मात्र वेगळेच सांगते. त्यानुसार तो कोणत्याही रोगाने नव्हे, तर सौम्य वार्धक्याने शांतपणे गेला. त्या काव्यात आणखी एक खंत आहे. किरेनीच्या भूमीत, वाडवडिलांच्या थडग्यांशेजारी त्याला जागा मिळाली नाही. परक्या इजिप्तच्या किनाऱ्यावर, समुद्राच्या काठी त्याला पुरले. ज्यात त्याने घेराचा हिशोब मांडला होता तो मूळ ग्रंथ हरवला. वाडगा आणि पन्नासावा भाग ही हकिगत आज आपल्याला माहीत आहे ती क्लिओमिडीज नावाच्या एका शिक्षकाने आपल्या खगोलाच्या पाठ्यपुस्तकात ती विद्यार्थ्यांसाठी सोपी करून लिहिली म्हणून.